खड्याच्या पोटावरचा चरा

त्या पत्रकातलं शेवटून तिसरं वाक्य मी तीनदा खोडून पुन्हा लिहिलं होतं. मोठ्याने म्हणून पाहिलं होतं. त्याच्यावर खूश झाले होते. "चोरी राजाने केली तरी चोरी, आणि आपल्या आळीतल्या माणसाने डब्यात घालून आणली तरी चोरीच." घोडेगावच्या बाजारात, म्हशींच्या दावणींमधून वाट काढत, मी ते स्वतःच्या हाताने वाटलं. आणि ज्या माणसाविषयी ते वाक्य होतं, त्याच्याही हातात मीच एक प्रत ठेवली.

त्यांनी घडी घालून खिशात ठेवली. वाचली नाही. चष्मा घरी राहिला होता.

"माझं नाव हाय का यात?" त्यांनी विचारलं.

"नाव नाही, चाचा."

"बरं," ते म्हणाले. थोडे हिरमुसले असावेत. आपलं नाव छापून येईल असं त्यांना वाटलं होतं.

आमच्या घरात पुस्तकांच्या आधी पत्रकं आली. बाबा शिक्षक, आणि शाळा सुटली की चळवळ. पाटपाण्याचं पत्रक, दुधाच्या भावाचं पत्रक, रेशनच्या काळ्याबाजाराचं पत्रक. गुलाबी, पिवळे, पोपटी कागद पलंगाखाली गठ्ठ्याने असायचे. मी वाचलेले पहिले शब्द 'जाहीर निषेध' हे आहेत, आणि यात काही गंमत आहे असं मला शाळेत जाईपर्यंत कळलं नव्हतं. घरात एक नियम होता. ज्याच्याविरुद्ध पत्रक लिहायचं त्याच्याकडे त्या आठवड्यात चहा घ्यायचा नाही. चहा घेतला की वाक्य मऊ होतं, असं बाबा म्हणायचे. मी तो नियम पाळला. चाचांच्या घरी माझा रोजचा चहा होता. पत्रक लिहिलं त्या आठवड्यात मी त्यांच्या दारावरून मान खाली घालून गेले, आणि मला स्वतःचा अभिमान वाटत होता.

चाचा गवंडी. आता सत्तरीला टेकलेले. आमचं गाव घोडेगावपासून पाचसहा किलोमीटर आत, आणि गावातली निम्मी घरं चाचांच्या ओळंब्याने सरळ उभी राहिलेली. ते तरुणपणी फॉरेनला जाऊन आले एवढं मला ठाऊक होतं. गावात फॉरेन म्हणजे दुबई. त्यामुळे मी कधी जास्त विचारलं नाही.

मी नगरला प्राचीन इतिहासात एम.ए. केलं, परत येऊन कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवू लागले, आणि रविवारी आम्ही दहाबारा जण गावाबाहेरची बारव साफ करायचो. तिच्यात गाळ होता, प्लॅस्टिक होतं, बाभळी होत्या. दोन हिवाळे गेले तेव्हा पायऱ्या मोकळ्या झाल्या. काही निखळलेल्या, काही गायबच. एका सकाळी चाचा बघायला आले. गुडघ्यांमुळे ते उभ्याने उतरत नव्हते. एका पायरीवर बसायचे, मग खालच्या पायरीवर बसायचे, आणि प्रत्येकीवर तळहात फिरवायचे.

"ही नंतरची हाय," एका ठिकाणी ते म्हणाले.

"कशावरून?"

"हात फिरव. डोळ्याला न्हाई कळायचं."

मी फिरवला. मला काही कळलं नाही.

"एम्मे झाली ना तू? हात मात्र चौथी नापास हाय." ते हसले. मग म्हणाले, "लब्द्याला आमाला पहिलं हेच शिकवलं."

"लब्दा कुठं आलं?"

"लिबियात. रोमवाल्यांचं गाव. समिंदराकाठी, निम्मं वाळूत."

मी तिथेच पायरीवर बसले. लेप्टिस मॅग्ना. रोमन साम्राज्याचा आफ्रिकेतील विस्तार. परीक्षेत मी त्यावर चार पानं लिहिली होती, आणि त्या शहरात राहून आलेला माणूस आमच्याच आळीत, तीन घरं सोडून, बकऱ्यांना पाला घालत होता.

त्यानंतरचे चारपाच महिने माझ्या आयुष्यातले सगळ्यात चांगले होते. मी हे आत्ता लिहिते तेव्हा ते सांगायलाही लाज वाटते. रोज संध्याकाळी मी चाचांच्या ओट्यावर. चाची चहा आणायची आणि चाचा सांगायचे. एका कंपनीबरोबर ते रस्ते आणि क्वार्टर्स बांधायला गेले होते. तिथे कुणाच्या तरी लक्षात आलं की हा माणूस हाताने दगड घडवतो. मग लब्द्यापलीकडे समुद्रावर वाळूत गाडलेलं एका रोमन श्रीमंताचं घर दुरुस्त होत होतं, तिथे त्यांना पाठवलं. प्रमुख होती इटलीहून आलेली एक बाई. चाचा तिला मादाम म्हणत. चार वर्षं त्यांनी मादामच्या हाताखाली काम केलं. सुट्टीच्या दिवशी लब्द्याच्या रस्त्यांवर एकटेच फिरले.

"बाजार बघायला पायजे होता तू," ते म्हणायचे. "दगडाचा मेज, आन त्याच्यावर मापं कोरलेली. हात येवढा, पाऊल येवढं. ज्याला वाटलं कापडवाल्यानं मारलं, त्यानं तिथं जाऊन मोजून घ्यायचं. आपल्या घोडेगावला असं काय लावलं तर निम्मे व्यापारी गाडी भरून निघून जातील."

"आणि संडास सांगा तिला," चाची आतून म्हणायची. "रोज सांगता तसा. जेवायच्या टायमालाच."

"संगमरवरी संडास! ओळीनं बसायचे, शेजारी शेजारी, गप्पा मारत. लाजबिज न्हाई."

रोमचा एक बादशहा मूळचा त्याच गावचा, हे चाचांना मादामने सांगितलं होतं. वाळवंटाकाठचा पोरगा, बोली गावंढळ, रोमवाले त्याला हसायचे म्हणे. गादीवर बसल्यावर त्याने गावाला मोठा चौक दिला, कमान दिली, बंदर वाढवून दिलं. "आमदार झाल्यावर गावात सभामंडप बांधत्यात ना, तसं," चाचा म्हणायचे. "पन बंदर गाळानं भरलं. पान्याची वाट न बघता बांधलं की असंच." मी त्यांना सांगितलं की आपल्या नेवाशालाही प्रवरेकाठच्या टेकाडात रोमकडच्या सुरयांचे तुकडे सापडलेत. त्यांनी चहाची बशी खाली ठेवली. मग म्हणाले, "म्हंजे आमी जायच्या आधीच ते हितं येऊन गेल्ते. चहा बी दिला नसंल कुनी."

एकदा ते खांबांविषयी बोलले. लब्द्याचे संगमरवरी खांब कुणी कुणी उचलून नेले होते. काही फ्रान्सला गेले. काही इंग्लंडच्या राजाच्या बागेत उभे आहेत, खोटे अवशेष म्हणून, शोभेला. चाचा हातांनी दाखवत होते. "जिथनं उचललेत तिथं गोल ठसा ऱ्हायलाय. खांब न्हाई, नुसता ठसा."

मी त्या दिवशी घरी जाऊन जेवले नाही. राजाच्या बागेत शोभेला! माझ्या डोक्यात पत्रक सुरू झालं होतं.

इकडे बारवेच्या समितीने ठरवलं की पायऱ्यांची दुरुस्ती चाचांनीच करायची. चुन्याचं काम जाणणारा गावात दुसरा कुणी उरला नव्हता. चाचांनी आनंद दाखवला नाही, पण दुसऱ्या दिवशी त्यांनी छिन्न्या माळ्यावरून काढून धार लावायला दिल्या. चाची मला म्हणाली, "ह्यांना लिबियाहून आल्यापासून असं काम न्हाई मिळालं. बाथरूमच्या टाइल्स बसवून बसवून जीव विटला त्यांचा." गावच्या वाचनालयात मी एक व्याख्यान ठरवलं. मी इतिहास सांगणार, आणि चाचा पहिल्यांदाच स्टेजवर बसून आपलं काम सांगणार.

त्यासाठीच त्यांनी मला डबा दिला.

बिस्किटांचा पत्र्याचा डबा, रंग उडालेला. आत कापडात बांधलेले दगडाचे खडे. चिंचोक्याएवढे, चौकोनी, काही पिवळसर, काही तांबडे, काही काळेभोर. आपल्याकडे मोझॅक म्हणजे साच्यात ओतलेली फरशी. हे मोझॅक म्हणजे एकेक खडा शेजारी शेजारी बसवून काढलेलं चित्र. त्या घराच्या जमिनीवर समुद्र होता, त्यात मासे होते, आणि एका माशाची शेपटी निखळून गेली होती, एवढं चाचा आधी बोलले होते. मी खडे तळहातावर घेतले. गुळगुळीत, गार. चाचा काही सांगायला लागले, तेवढ्यात अजान झाली. ते उठले.

"घेऊन जा डबा. भाषणाला मांडून ठेव. त्यांची गोष्ट मी स्टेजवर सांगतो. आत्ता न्हाई."

मी डबा घेऊन घरी आले. टेबलावर पांढऱ्या कागदावर खडे मांडले, वरून फोटो काढले, आणि खडे बघता बघता मनाशी ठरवून टाकलं. हे तिथून आणलेत. त्या जमिनीतून. ठसा सोडून आणलेत.

मी विचारू शकले असते. तीन घरं सोडून. चपला घालायचीही गरज नव्हती. मी विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर चहा आला असता, आणि चहा आला की वाक्य मऊ होतं. दुसरं कारण त्याहून वाईट आहे. मला ते खरं हवं होतं. राजांना चोर म्हणणं सोपं होतं. राजे इंग्लंडात होते, कधीचे मेलेले. आपल्या माणसालाही सोडलं नाही हे दाखवायला मला आपला माणूस हवा होता. मी मनात पुढचा प्रवेशही रचला होता. चाचा स्टेजवर उभे राहतील, म्हणतील की हो, मी आणले, आता परत पाठवू. मी दूतावासाला लिहायच्या पत्राचा मसुदाही करून ठेवला होता. मान ताठ ठेवून चूक कबूल करणारा म्हातारा, आणि त्याला त्या कबुलीपर्यंत आणणारी मी.

बाबांनी पत्रक वाचलं. "धार आहे," ते म्हणाले. कुणाविषयी आहे ते त्यांनी विचारलं नाही, मी सांगितलं नाही. पत्रकाच्या एका बाजूला तो मजकूर, दुसऱ्या बाजूला व्याख्यानाची जाहिरात: 'वाळूखालचं शहर. प्रत्यक्ष वस्तू पाहायला मिळतील.' नाव छापलं नाही म्हणून मी स्वतःला सभ्य समजत होते. गावात लिबियाला गेलेला माणूस एकच होता.

व्याख्यानाला चाचा आले नाहीत.

मी त्यांची खुर्ची रिकामी ठेवून बोलले. शेवटी लोक टेबलाभोवती जमले, मोबाइलवर खड्यांचे फोटो काढले. "हेच का ते?" "एवढ्याशा खड्यासाठी एवढं?" "सोनंबिनं पण आणलं असंल." कुणीतरी हसलं. मी म्हणाले की प्रश्न वस्तूच्या किमतीचा नाही, तत्त्वाचा आहे. त्या वाक्यालाही टाळी मिळाली.

दुसऱ्या दिवशी गावच्या ग्रुपवर फोटो फिरले. खाली कुणीतरी लिहिलं, 'बारवेच्या पायऱ्या मोजून ठेवा, डब्यात जातील.' त्याच्याखाली चाचांच्या धर्मावरून दोन ओळी होत्या, त्या मी इथे लिहिणार नाही. मी रागाने उत्तर टाकलं, लांबलचक, मुद्देसूद. त्यावर एकाने अंगठा दाखवला आणि दुसऱ्याने माझ्याच पत्रकाचा फोटो टाकला, त्या वाक्याखाली लाल रेघ मारून.

आठवड्याने समितीची बैठक झाली. अध्यक्ष चांगले बागायतदार, शांत माणूस. ते म्हणाले, "चाचांवर आपला काही आरोप नाही. पण जुन्या वस्तूचं काम आहे, लोक बोलतात. शहरातला कंत्राटदार आठ दिवसांत करून देतो म्हणतोय."

"कंत्राटदार सिमेंट घालील," मी म्हणाले.

"मग काय करायचं? ताई, तुमच्याच पत्रकात आहे."

मी गप्प बसले. बैठकीत बारा माणसं होती आणि बोलायला शिकलेली मी एकटीच होते, आणि मी गप्प बसले. तत्त्व म्हणजे तत्त्व, असं मी घरी येईपर्यंत स्वतःला सांगत होते. उन्हात माझी सावली पुढे पुढे चालत होती, आणि मला तिच्यावर पाय पडू द्यायचा नव्हता, हे मला का आठवतं कुणास ठाऊक.

डबा परत करायला गेले ते त्यानंतर चार दिवसांनी. चाचा बाजेवर बसून रेडिओ दुरुस्त करत होते. त्यांनी वर पाहिलं, "ये" म्हणाले, पुन्हा स्क्रू फिरवू लागले. चाची चुलीपाशी होती. तिने चहा विचारला नाही.

"डबा आणलाय," मी म्हणाले.

चाची उठली. हात पदराला पुसले. डबा माझ्या हातातून घेतला, कापड सोडलं आणि सगळे खडे ताटात ओतले.

"उलटा कर," ती म्हणाली.

"काय?"

"खडा. उलटा कर. कुठलाबी."

मी एक तांबडा उचलला, उलटा केला. पोटाला, बरोबर मध्ये, कानशीने मारलेला एक बारीक सरळ चरा होता. दुसरा उचलला. चरा. काळा उचलला. चरा. चाची पाठीमागून मोजत असल्यासारखी उभी होती. मी आठनऊ उलटे केले, मग माझा हात थांबला.

"जुन्याला चरा नसतो," चाचा रेडिओकडे बघतच म्हणाले. "नव्या खड्याला पोटाशी मारायचा. मादामचा कायदा. नवीन ते नवीन कळलं पायजे, शंभर वर्सांनी कुनी उकरलं तरी. आन बसवताना येक सूत, नाण्याच्या जाडीयेवढा, खाली बसवायचा. लांबून चित्र पुरं दिसतं, पन हात फिरवला की समजतं. हितं जुनं सपलं, हितून दुरुस्ती." त्यांनी स्क्रू ड्रायव्हर ताटाकडे केला. "हे आमी घडवलेले हायेत. खाणीचा दगड. शेपटी झाली, हे उरले. निघताना मादामनं माझ्या हातात दिले. म्हनली, तुझेच हायेत."

"तुम्ही का नाही सांगितलं, चाचा?"

"स्टेजवर सांगनार हुतो."

"आरशापुढं म्हणून बघत होते," चाची म्हणाली. "आधी खडे सरळ दाखवायचे. लोकांनी म्हणायचं, वा, किती जुने! मग उलटे करायचे. आठ दिवस मला दाखवलं, मी रोज वा म्हणायचं. आणि तू आमच्या घरचा चहा पिऊन..."

"अगं, गप," चाचा म्हणाले. मग पहिल्यांदा त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. "वाचलं मी तुझं. तीनदा वाचलं. लिहिलंय चांगलं. शब्दाला शब्द बसलाय, कुठं सांधा दिसत न्हाई." त्यांनी स्क्रू ड्रायव्हर खाली ठेवला. "पन विचारलं का न्हाई, बेटी?"

मी ताटातला एक खडा उचलला. जे वर लिहिलं ते उत्तर आहे असं वाटतं, पण त्यांच्यासमोर म्हणून पाहिलं तर म्हणवणार नाही.

तिथून मी तशीच बारवेवर गेले, मुठीत एक खडा घेऊन. मिक्सर चालू होता. सात पायऱ्या झाल्या होत्या. राखी, एकसारख्या, काठांवरून सिमेंट ओघळून खालच्या जुन्या काळ्या दगडावर थिजलेलं. मी काम थांबवायला सांगितलं. माणसं म्हणाली, मालकाला विचारा. मी अध्यक्षांना फोन केला, ते मोटरसायकलवर आले, मी त्यांच्या तळहातावर खडा ठेवला आणि उलटा करून सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं. मग एवढंच म्हणाले, "हे आधी का नाही सांगितलं?" बरोबर चाचांचाच प्रश्न, फक्त दुसऱ्या बाजूने. मिक्सर बंद झाला.

बाबांना मी रात्रीच्या जेवणाला सांगितलं. ते ताटावर हात तसाच ठेवून बसले. "तो नियम तहसीलदारासाठी होता," ते म्हणाले. "कारखान्याच्या चेअरमनसाठी. शेजाऱ्यासाठी नव्हता." मला त्यांचाही राग आला. हे आधी कधी सांगितलं नव्हतं त्यांनी. पण हे आधी सांगायला लागेल असं त्यांना वाटलं नसणार.

मी दुसरं पत्रक लिहिलं. या वेळी ते आधी चाचांकडे नेलं. चाचीने चहा ठेवला. न बोलता, पण ठेवला. चाचांनी चष्मा लावून वाचलं, कानावरची सुताराची पेन्सिल काढली आणि खोडायला सुरुवात केली. 'थोर कारागीर' गेलं. 'वाळवंटात घाम गाळणारे हात' गेलं. माणुसकीचा एक परिच्छेद होता, अख्खा गेला. शेवटी दोन वाक्यं राहिली. हे खडे नवीन घडवलेले होते, चोरीचे नव्हते. लिहिणारीने विचारलं नव्हतं.

"एवढंच?" मी म्हणाले.

"सांधा दिसू दे," ते म्हणाले.

ते मी त्याच बाजारात वाटलं. लोकांनी घेतलं. चोरीचं पत्रक ज्या उत्सुकतेने घेतलं होतं तसं नाही. एकाने न वाचताच त्याला म्हशीच्या शिंगांना लावायच्या तेलाचे हात पुसले. ग्रुपवर मी त्याचा फोटो टाकला, तिघांनी हात जोडले. चाचांच्या धर्मावरून त्या दोन ओळी लिहिणारा त्यात नव्हता. पहिलं पत्रक अजून कुठे कुठे दिसतं. मागच्या महिन्यात सायकलच्या दुकानात एका फळीवर अंथरलेलं पाहिलं. वरची बाजू व्याख्यानाची होती, म्हणून जरा बरं वाटलं. मग वाटलं, खालची बाजू तशीच आहे. ती मला वाचता येत नाही एवढंच.

चाचा लगेच कामाला आले नाहीत. मी रोज जायचे. "गुडघा दुखतोय." "चुना मुरायचाय." "बघू." अध्यक्ष स्वतः जाऊन आले, त्यांनाही "बघू" म्हणाले. विसाव्या दिवशी सकाळी बारवेवर गेले तर चाचा आधीच येऊन बसलेले, आठव्या पायरीवर, छिन्न्या फडक्यावर ओळीने मांडून.

मला बोलायची घाई झाली होती. "आधी ती सात फोडू, चाचा. मी माणसं आणते. सगळं सिमेंट काढून टाकू."

त्यांनी सिमेंटवर छिन्नीची मागची बाजू वाजवली. ठण्ण वाजलं. मग जुन्या दगडावर वाजवली.

"सिमेंट ह्या झिजल्या दगडाहून कडक हाय. वढायला गेलीस तर जुना दगडच संगं येईल." त्यांनी थिजलेल्या ओघळावर बोट ठेवलं. "हे आता निघत न्हाई."

"कधीच?"

"दगड ऱ्हाऊ द्यायचा आसल तर न्हाई."

मी खाली बसले. ते काम करत राहिले. चुन्याचा थर दिला, नवीन दगड घेतला, मापून पाहिला. मग उपडा केला आणि छिन्नी-हातोडी माझ्यापुढे धरली.

"चरा मार."

मी मारला. वाकडा गेला. मी दुसरा मारायला निघाले, त्यांनी दगड काढून घेतला. "एक बास. दिसतोय ना?" दगड सुलटा करून बसवला, दोन टोले दिले, शेजारच्या जुन्या दगडावरून तळहात सरकवत सूतभर खाली नव्यावर आणला, आणि मान डोलावली.

पुढच्या पायऱ्या त्यांनी महिनाभरात पुऱ्या केल्या. बारवेला आता पाणी आहे, लोक येतात, फोटो काढतात. सिमेंटच्या सात पायऱ्या कुणाला खटकत नाहीत. कुणी विचारलं तर मी सांगते, त्या माझ्यामुळे आहेत. लोकांना वाटतं मी देणगी दिली.

डबा चाचांच्या घरी फळीवर आहे, पिठाच्या डब्याशेजारी. मागे बातम्यांत लिबियातल्या लढाईचं काही दाखवत होते तेव्हा चाचा टीव्हीजवळ जाऊन उभे राहिले होते, म्हणे. तो मासा तिथे अजून आहे की नाही त्यांना माहीत नाही. मी एकदा धीर करून म्हणाले, चाचा, वाचनालयात पुन्हा कार्यक्रम ठेवू, आता तुम्हीच बोला, मी फक्त खाली बसते.

चाची भाकरी थापत होती. तिचा हात थांबला.

"कशाला," चाचा म्हणाले. रागाने नाही. "लोकांना आता ठाऊकच हाय, खडे उलटे केल्यावर काय दिसतं ते. तूच सांगितलंस."

मी चहा संपवला. कप धुऊन ठेवला. बारवेवर चक्कर मारून घरी आले. उतरताना मी हल्ली चप्पल हातात घेते. सात पायऱ्या तळव्याला गार आणि एकसारख्या लागतात. आठवीवर पाय एक सूत खाली जातो.